मोकळ्या माळावरची कोंडी : मिक्लोश यांचो

हंगेरियन दिग्दर्शक मिक्लोश यांचो (१९२१–२०१४) यांच्या उत्तम चित्रपटांत लपायला जागा नसते. झाड नाही, आडोसा नाही, चहूकडे सपाट माळ. तरीही त्या माळावरचा माणूस पुरता कोंडलेला असतो. सौंदत्ती-अथणीकडचा काळ्या मातीचा उघडा मुलूख पाहिलेल्यांना ही भूमी फारशी परकी वाटणार नाही.

त्यांना जगभर ओळख मिळवून दिली ती १९६६ च्या ‘द राउंड-अप’ने. ऑस्ट्रियन सत्तेविरुद्धची १८४८ ची हंगेरियन क्रांती चिरडली गेल्यानंतर सुमारे वीस वर्षांनी, बंडखोर शांडोर रोझाचे उरलेसुरले साथीदार हुडकण्यासाठी माळावरच्या एका आवारात माणसे डांबली जातात. गायदर नावाच्या कैद्याला सांगितले जाते की, तुझ्याहून अधिक खून केलेला माणूस दाखवून दिलास तर तुझी फाशी टळेल. आणि तो खरोखरच शोधू लागतो. छळाचे इतके थंड चित्रण मी अन्यत्र पाहिलेले नाही.

१९५६ म्हटले की आम्हा सीमाभागातल्या मराठी माणसांना १ नोव्हेंबरची राज्यपुनर्रचना आठवते. तीनच दिवसांनी, ४ नोव्हेंबरला, हंगेरीतला उठाव मोडण्यासाठी सोव्हिएत रणगाडे बुडापेस्टमध्ये शिरले. (या दोन घटना एका मापाने मोजाव्यात, असे मला मुळीच सुचवायचे नाही.) ‘द राउंड-अप’च्या एकोणिसाव्या शतकातल्या कथेत अनेक प्रेक्षकांनी त्या उठावानंतरची धरपकड ओळखली.

पुढे ‘द रेड अँड द व्हाइट’ (१९६७) हा रशियन यादवी युद्धावरचा चित्रपट रशियन क्रांतीच्या पन्नासाव्या वर्षानिमित्त सोव्हिएत सहकार्याने निघाला, पण त्यात गौरवगान नव्हते. आता बंदूक रोखणारा घटकाभराने स्वतःच भिंतीपाशी उभा केला जातो, आणि एखादे पात्र ओळखीचे होईपर्यंत ते मारले गेलेले असते.

हे सारे साधते ते दीर्घ दृश्यांमुळे. कॅमेरा सरकत राहतो, घोडेस्वार चौकटीत येतात, रांगा जुळतात नि मोडतात, आणि मध्ये काटछाट नसल्याने कोणाच्या हाती सत्ता गेली हे प्रेक्षकाला स्वतःच हेरावे लागते. शेतमजुरांच्या बंडावरील ‘रेड साम’मध्ये तीसहूनही कमी दृश्यखंड आहेत, त्यासाठी १९७२ मध्ये कान महोत्सवात त्यांना सर्वोत्कृष्ट दिग्दर्शकाचा पुरस्कार मिळाला. ‘इलेक्ट्रा, माय लव्ह’ (१९७४) तर अवघ्या बारा दृश्यखंडांत संपतो. मात्र तेथे नृत्य आणि गाणी इतकी वरचढ होतात की धाक विरतो, आणि कसब तेवढे नजरेत भरते. म्हणूनच ‘द राउंड-अप’मधला कृष्णधवल, जवळजवळ मुका माळ मला अधिक मोलाचा वाटतो.