आधी फोकस, मग फ्रेम

शाळेच्या महोत्सवी स्मरणिकेत लिहायचं, तर आज याच वर्गांत बसून सिनेमॅटोग्राफर व्हायचं मनात घेतलेल्या मुलामुलींसाठी लिहावं, असं वाटलं. घरच्यांकडे आधी कॅमेऱ्याचा हट्ट धरू नका. एखाद्या युनिटमध्ये असिस्टंट म्हणून शिरा.

सुरुवातीला हातात येतात ती मेमरी कार्डं. शूट झालेल्या कार्डाचा डेटा दोन वेगवेगळ्या ड्राइव्हवर घ्यायचा, तोही चेकसम, म्हणजे मूळ फाइल आणि प्रत तंतोतंत जुळतात का हे पडताळायचा आकडा, तपासणाऱ्या सॉफ्टवेअरनं. नुसती फाइल ओढून टाकली तर कॉपी होताना ती बिघडली का, हे कळत नाही. दोन्ही प्रती तपासून होईपर्यंत कार्ड फॉरमॅट करायचं नाही, मग सेटवर कितीही घाई असो.

त्यानंतरचं काम फोकसचं, आणि ते फार अवघड आहे. सुपर ३५ सेन्सर (चित्र टिपणाऱ्या सेन्सरचा सिनेमा कॅमेऱ्यातला एक नेहमीचा आकार), ५० मिमीची लेन्स, अ‍ॅपर्चर (लेन्सचं छिद्र किती उघडं आहे त्याचा आकडा) २ आणि नट २ मीटरवर असेल, तर जेमतेम १६ सेंटीमीटरचा पट्टा स्पष्ट दिसतो. खुर्चीत बसलेला माणूस बोलता बोलता पुढे झुकला, की तो पट्ट्याबाहेर गेलाच. म्हणून तालमीतच प्रत्येक जागेचं अंतर टेपनं मोजून ठेवतात. टेप लेन्सच्या तोंडाशी धरायची नाही. कॅमेऱ्याच्या अंगावर वर्तुळ आणि त्यातून जाणारी रेघ अशी सेन्सरची खूण असते, तिथून नटाच्या डोळ्यांपर्यंत मोजायचं. मॉनिटरवर चेहरा धूसर दिसेपर्यंत थांबलात, तर तो क्षण हातचा गेलेला असतो.

उजेडाचं गणित तर भौतिकशास्त्राच्या पुस्तकातच आहे: अंतर दुप्पट झालं की प्रकाश चौथाई. दिवा नटापासून १ मीटरवर असेल आणि नट अर्धा मीटर मागे सरकला, तर चेहऱ्यावरचा प्रकाश एका स्टॉपहून जास्त उतरतो; एक स्टॉप उतरला म्हणजे प्रकाश निम्मा झाला. तोच दिवा ४ मीटरवर असेल, तर तेवढ्याच हालचालीनं फरक पडतो जेमतेम एक तृतीयांश स्टॉपचा. नट हिंडणार असेल तर दिवा लांब न्या आणि जास्त ताकदीचा घ्या. माझ्या मते हे एवढं अंगी मुरलं, तर निम्मं लायटिंग आलं.

जिथे वीज ५० हर्ट्झची आहे, तिथे काही ट्यूब आणि स्वस्त एलईडी सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात. सेकंदाला २४ फ्रेम्सवर शटर (प्रत्येक फ्रेमला किती वेळ उजेड मिळतो ते ठरवणारा कोन) १८० अंशांचं ठेवलं तर चित्रात लहर येऊ शकते; १७२.८ केलं की एक्स्पोजर, म्हणजे उजेड घेण्याचा वेळ, बरोबर १/५० सेकंदाचं होतं आणि लहर जाते.

शोरील, म्हणजे काम मागताना दाखवायची आपल्या शॉट्सची फिल्म, दोन मिनिटांच्या आत ठेवा, उत्तम शॉट आधी. ज्याचं लायटिंग तुम्ही केलं नाही, तो शॉट स्वतःचा म्हणून घालू नका. सेटवरची माणसं एकमेकांना ओळखतात. आणि काम घेताना मानधन, ते मिळण्याची तारीख, जादा तासांचा दर आणि शोरीलसाठी फुटेज वापरायची परवानगी, हे सगळं शूटच्या आधी लेखी घ्या.