बातमी आणि ठोकळे

त्या हल्ल्याची बातमी आल्यापासून, घरात पोरं आहेत म्हणून, टीव्ही बंदच ठेवलाय. आम्ही दोघं मोबाईलवर बघतो, तेही दुसऱ्या खोलीत जाऊन, आवाज बंद करून. कुणाला अति वाटेल, वाटू दे. लहान मुलांना रिप्ले कळत नाही. ११ सप्टेंबर २००१ नंतर न्यूयॉर्कच्या टॉवर्सची तीच तीच क्लिप दाखवत होते, तर कितीतरी पोरांना वाटलं दर वेळी नवीन विमान येऊन नवीन बिल्डिंग पाडतंय.

धाकटीने तरी विचारलंच, कुठून ऐकलं देव जाणे. 'खूप माणसं मेली ना?' हो म्हटलं. झोपली म्हणायचं नाही हे ठरलेलंच होतं, उद्या तिला झोपायचीच भीती बसली तर निस्तरणार कोण. देवाघरी गेली म्हटलं तर परत कधी येणार हा प्रश्न तयारच, कारण मेलेलं माणूस परत येत नाही हे या वयात डोक्यात पक्कं बसलेलं नसतं. मग सरळ सांगितलं, त्यांचं शरीर चालायचं बंद झालं, ती आता येणार नाहीत. जरा वेळ गप्प बसली आणि म्हणाली, 'उद्या मला शाळेतून कोण आणणार?'

घ्या! आपण मोठी माणसं कुणी केलं, का केलं यात अडकलेलो आणि हिला गेटवर आपलं माणूस दिसणार की नाही एवढंच हवंय. मी येणार, मला उशीर झाला तर आजी. झालं, गेली खेळायला.

खेळ मात्र तोच. ठोकळ्यांचा टॉवर रचायचा, धाडकन पाडायचा, मग अँब्युलन्स. तिचा दादा ओरडला, असलं काय खेळतेस, तर मी त्यालाच गप्प केलं. तिला बोलता येत नाही ते ती असं बाहेर काढतेय. अँब्युलन्स येतेय, माणसं बाहेर निघतायत तोवर मला काळजी नाही, नुसतंच पाडणं आठवडेच्या आठवडे चाललं, झोप उडाली, तर मात्र डॉक्टरांना विचारेन.

दादाला सगळंच हवंय, आकडेसुद्धा. त्याला म्हटलं, माहीत असेल ते खरं सांगेन, नसेल तर नाही म्हणेन. १९८६ ला अमेरिकेचं चॅलेंजर अवकाशयान फुटलं ते शाळांमधून मुलांनी लाइव्ह बघितलं होतं, त्याच दिवशीच्या भाषणात तिथले तेव्हाचे अध्यक्ष रेगन खास मुलांशी बोलले, समजायला अवघड आहे पण कधीकधी असं वाईट घडतं. मला ते पटतं.

उद्या बाईंना भेटायचंय, वर्गात काय सांगितलंय ते कळू दे, नाहीतर घरी एक आणि शाळेत दुसरंच.