ऐक रे वेमा

चपलेत शिरलेला खडा, कानाशी घोंगावणारी माशी, डोळ्यात गेलेलं कुसळ, पायात मोडलेला काटा. यातलं एकही दुखणं ज्याच्या वाट्याला आलं नाही असा माणूस सापडायचा नाही. वेमना हा तेलुगू कवी ही चारही दुखणी दोन ओळींत उरकतो आणि तिसऱ्या ओळीत म्हणतो, घरातलं भांडण मात्र एवढ्या-तेवढ्यावर भागत नाही बाबा.

चेप्पुलोन राइ चेविलोन जोरीग
कंटिलोन नलुसु कालि मुल्लु
इंटिलोनि पोरु इंतिंत कादया
विश्वदाभिराम विनुरवेम

तेलुगू घरांत पोरं हे अक्षरओळखीबरोबर पाठ करतात आणि याला नीतिपद्य म्हणतात. आता यात नीती कुठं आहे? भांडू नका असं तो म्हणत नाही. एकमेकांना समजून घ्या असंही नाही. दुखतं, एवढंच सांगतो. मला तर ते संसारी माणसाचं कण्हणं वाटतं.

मग याला उपदेशाचं स्वरूप येतं कुठून? चौथ्या ओळीतून. ही ओळ वेमनाच्या बहुतेक पद्यांना जशीच्या तशी असते. शतक, म्हणजे शंभरेक पद्यांची माळ, लिहिणारे कवी प्रत्येक पद्याच्या शेवटी एक ठरलेलं संबोधन ठेवतात, त्याला तिकडे मकुटम, म्हणजे मुकुट म्हणतात. ‘विश्वदाभिराम’ याचा नेमका अर्थ काय यावर पंडितांनी भरपूर काथ्याकूट केला आहे. लोकांनी त्यातून वेमनाचा अभिरामय्या नावाचा सोनार मित्र काढला आणि त्याची गोष्टही रचली. ‘विनुरवेम’बद्दल मात्र वाद नाही. ऐक रे वेमा.

आपल्याकडे शेवटी ‘तुका म्हणे’ येतं. तुकोबा बोलतात, आपण ऐकतो, आणि बोलणं अंगावर आलं तर मान खाली घालतो. वेमनाच्या पद्यात ऐकणारा वेमनाच. म्हणजे हा माणूस स्वतःशी पुटपुटतोय आणि आपण शेजारच्या ओट्यावर बसून ते चोरून ऐकतोय. रामदासांनीही मनाला समोर बसवून दोनशे पाच श्लोक सांगितले, पण त्यांचा आवाज मठातून येतो. वेमनाचा आवाज स्वयंपाकघराच्या दारातून येतो.

या चौथ्या ओळीचा खरा उपयोग मला सोलापूरच्या पूर्व भागात कळला. तेलंगणातून आलेल्या पद्मशाली विणकरांच्या पिढ्यान् पिढ्या तिथं नांदल्या. घराघरांत मागाची खडखड, आणि बायकांच्या मांडीवर विडीचं सूप. आमच्या शेजारच्या अव्वा विड्या वळता वळता सुनेकडे न बघता एखादं पद्य म्हणायच्या. तीन ओळी होईपर्यंत सुनेचा चेहरा उतरलेला असायचा. मग अव्वा ‘विनुरवेम’ म्हणून दोरा गुंडाळायच्या. सून काही बोलायला गेली तर, “तुला कुठं म्हटलं? वेमाला सांगत होते.” यावर कुणाची काय टाप आहे?

पण सूनही त्याच परंपरेतली. एकदा सासूबाईंचा आवाज चढल्यावर ती परातीत पीठ मळत, अगदी सहज, म्हणाली, “कंचु म्रोगिनट्लु कनकंबु म्रोगुना?” कासं वाजतं तसं सोनं वाजतं का? हलका माणूस नेहमी थाटात बोलतो, सज्जन थंडपणे बोलतो, अशी या पद्याची आधीची दोन पावलं आहेत. ती म्हणायची गरजच पडली नाही. अव्वांच्या हातातली कात्री थांबली आणि मग त्या स्वतःच हसल्या. मुकुटाची ओळ त्यांनीच पुरी केली.

वेमनाचं समाधिस्थान आंध्र प्रदेशात कदिरीजवळ कटारुपल्ली गावात दाखवतात. रायलसीमेचा हा सगळा मुलूख कोरडा आणि दगडांचा. त्याचा काळ बहुतेक जण सतरावं शतक धरतात. तसं असेल तर तो आपल्या तुकोबांच्या आगेमागेचाच. या दोघांची गाठ पडायचं काही कारण नव्हतं, तरी एक म्हणतो, भांडं स्वच्छ नाही तर स्वयंपाक कशाला, चित्त शुद्ध नाही तर शिवपूजा कशाला. आणि दुसरा म्हणतो, ‘नाही निर्मळ जीवन, काय करील साबण’. एकाला भांडी घासण्यातून सुचलं, दुसऱ्याला धुण्यातून. बायकांची कामं या दोघांनी जवळून पाहिलेली दिसतात.

दरबारी पंडितांनी वेमनाला फारसं जवळ केलं नाही. भाषा साधी, छंद आटवेलदी, म्हणजे गावच्या चालीचा, देशी. संस्कृत वृत्तांचा डौल त्याला नाही. पद्यं लोकांच्या तोंडी आणि ताडपत्रांवर फिरत राहिली. ती गोळा करायला कंपनी सरकारचा एक गोरा अधिकारी यावा लागला. कडप्यात, मछलीपट्टणमला नोकरी केलेल्या चार्ल्स फिलिप ब्राऊनने पोथ्या जमवल्या, पाठ ताडून पाहिले आणि १८२९ साली वेमनाची पद्यं इंग्रजी अनुवादासह छापली. आज कडप्यात ब्राऊनच्या नावाचं ग्रंथालय आहे, आणि त्याच गावात योगी वेमना विद्यापीठही आहे. ज्याला पंडितांनी पंगतीला घेतलं नाही त्याच्या नावावर आता लोक पीएचडी घेतात. वेमनाने यावरही तीन ओळी केल्या असत्या.

वेमनाच्या जोडीने मुलं ‘सुमती शतक’ पाठ करतात. ते बद्देना या तेराव्या शतकातल्या छोट्या राजाच्या नावावर आहे. याचं संबोधन ‘सुमती’, अरे शहाण्या. ही युक्ती वेगळी. ऐकणाऱ्याला आधी शहाणा म्हणायचं, मग तो ऐकूनच घेतो. आणि सल्ला असा रोकडा की वाचून हबकायला होतं. कर्ज देणारा, वैद्य, बारमाही वाहती नदी आणि ब्राह्मण असेल त्या गावात राहा, नसेल तर पाऊल टाकू नकोस. यादीत सावकार पहिला. वैद्याच्याही आधी! तळं भरलं की बेडकं दहा हजार जमतात, पैसा आला की नातेवाईक तसेच. अडीनडीला न येणारा सोयरा, नवसाला न पावणारा देव आणि लढाईत न धावणारा घोडा, तिघांनाही ताबडतोब सोड. देवाला घोड्याच्या रांगेत उभं करायला राजाचंच काळीज हवं.

हाच सुमतीकार दुसरीकडे खोट्या गोष्टींची यादी देतो. बाईचा भरवसा (इथं माझं त्याच्याशी पटत नाही), सापाशी मैत्री, राजांवरचा विश्वास, आणि कडुनिंबाचा गोडवा. राजाने राजांवर विश्वास ठेवू नका म्हणणं ही आतल्या गोटातली माहिती समजावी. पण गंमत कडुनिंबाची आहे. कारण वेमना बरोबर उलटं सांगतो. गात गात राग रंगत जातो, खात खात कडुनिंब गोड लागतो, सरावाने जगात कामं होतात. ‘तिनग तिनग वेमु तिय्यनुंडु.’ तेलुगू मुलं ही दोन्ही पद्यं पाठ म्हणतात आणि कुणाचंही काही बिघडत नाही. मला विचाराल तर गुढीपाडव्याला दरवर्षी कडुनिंब चघळूनही माझं मत अजून राजाकडेच झुकतं.

एक पद्य तर तिकडेही आहे हे मला आधी ठाऊकच नव्हतं. ‘प्रयत्ने वाळूचे कण रगडिता तेलही गळे’ आपण शाळेत म्हटलंय. वामन पंडितांनी भर्तृहरीच्या संस्कृताचं मराठी केलं. तसंच एनुगु लक्ष्मण कवीने तेलुगूत केलं, ‘तिविरि इसुमुन तैलंबु तीयवच्चु’. वाळूचं तेल, मृगजळाचं पाणी, सशाचं शिंग, सगळं तेच. मूर्खाचं मन वळवता येत नाही यावर मराठी-तेलुगू सगळ्याच राज्यांचं एकमत आहे. पाणीवाटपावर होईल तेव्हा होईल.

लहान मुलांना शिकवण्याजोगा वेमना म्हणजे बहुतेक हा एवढाच. गाढविणीच्या घागरभर दुधापेक्षा गायीचं पळीभर बरं. मीठ आणि कापूर दिसायला सारखे, चव वेगळी. डोंगर आरशात लहान दिसतो म्हणून तो लहान होत नाही. यातलं शेवटचं मला फार आवडतं. साहेबापुढे उभं राहताना ते मनात म्हणावं.

पण वेमनाची दुसरी पद्यं आहेत, ती मुलांच्या वहीत सहसा उतरत नाहीत. दगडाच्या नंदीपुढे हात जोडतात आणि जिवंत बैलाला गुद्दे घालतात, असलं तो बसवभक्तांना सुनावतो. अस्पृश्य मानलेला माणूस शिवला म्हणून आंघोळ करणाऱ्याला विचारतो, तुला चितेवर जाळायला शेवटी तोच माणूस येणार, तेव्हा विटाळ कुठं जातो? आणि मग ते कावळ्याचं. पिंड करून, पितरांची आठवण काढून, कावळ्यांना घास घालणाऱ्या गाढवांनो, घाण खाणारा कावळा पितर कसा झाला रे?

‘काकुलकुनु पेट्टु गाड्देलारा.’ इथं मात्र चौथ्या ओळीची पंचाईत होते. कारण हा माणूस आधी समस्त जनतेला तोंडावर गाढव म्हणून मोकळा होतो, आणि मग साळसूदपणे मान वळवून म्हणतो, ऐक रे वेमा. स्वतःशी पुटपुटण्याचा माझा सगळा सिद्धांत या एका पद्याने मोडीत काढला. अव्वांच्या तोंडून मी ते कधीच ऐकलं नाही. त्यांच्याकडेही पितृपक्षात पान बाहेर ठेवायचे आणि कावळ्याची वाट बघायचे, आमच्यासारखीच. कुणाला ऐकवायचंच असेल तर सगळ्यांची जेवणं उरकल्यावर ऐकवावं. कावळा यायच्या आधी ऐकवलंत, तर ‘मी वेमाला सांगत होतो’ ही सबब चालायची नाही.