तुम्ही विचारलंत म्हणून: मल्याळम सिनेमात घडतं तरी काय?

‘मल्याळम सिनेमात लोक नुसते जेवतात आणि पाऊस बघतात. त्यात तुम्ही एवढं काय बघता हो?’ हे मला ऑफिसातले विचारतात, नात्यातले विचारतात.

अहो, घडतं की! पण गाव बदललं तर गोष्टही बदलावी लागेल, असं घडतं. २०१६चा ‘महेशिंटे प्रतिकारम्’ घ्या. गोष्ट चक्क सूडाची. इडुक्की जिल्ह्यात फोटो स्टुडिओ चालवणारा महेश भर रस्त्यात, ओळखीच्यांसमोर मार खातो. बदला घेईपर्यंत पायात चप्पल घालणार नाही, असा पण करतो. हिंदीतल्या हिरोनं मध्यंतराआधीच हिशेब चुकता केला असता. इथे पंचाईत अशी, की मारणारा गडी नोकरीसाठी दुबईला निघून गेलेला! आता बसा अनवाणी. ज्या राज्यातली लाखो माणसं आखातात राबतात, तिथे वैरीसुद्धा परत येईपर्यंत वाट बघावी लागते. महेशची प्रेयसीही परदेशातल्या स्थळाला होकार देऊन मोकळी होते. स्थलांतरावर भाषण मात्र एकही नाही.

जिओ बेबीच्या ‘द ग्रेट इंडियन किचन’मध्ये (२०२१) तर मला केरळ परकं वाटलंच नाही. सासरा आणि नवरा शेवग्याच्या शेंगा चघळून चोथा ताटाबाहेर, टेबलावर टाकून उठतात. सून तो हातानं गोळा करते. भात कुकरचा नको, चुलीवरचा हवा. सिंकखालचा पाइप गळतोय, प्लंबरला बोलवा म्हणून ती सांगत राहते, नवरा विसरत राहतो. सासरा आवाज चढवत नाही, गोड बोलून राबवून घेतो. ते गोड बोलणं फार अचूक पकडलंय. (आमच्याकडे हा सिनेमा सगळ्यांनी मिळून पाहिला. मध्येच चहा मागायची कुणाची टाप झाली नाही.)

तिकडेही मारधाडपट निघतात आणि दणकून चालतात. शिवाय बायकांच्या कष्टांवर इतका नेमका सिनेमा देणाऱ्या इंडस्ट्रीत बायकांना काय सोसावं लागतं, ते केरळ सरकारनं त्याच चौकशीसाठी नेमलेल्या हेमा समितीचा अहवाल ऑगस्ट २०२४मध्ये बाहेर आला तेव्हा सगळ्यांनी वाचलं. त्यामुळे ‘मल्याळी माणूसच मुळात पुढारलेला’ असं कुणी म्हणालं, की मी मान डोलवत नाही.

सुरुवात कुठून करू म्हणाल, तर महेशपासून. मग सत्यन अंतिक्काड यांचा १९९१चा ‘संदेशम्’. दोन सख्खे भाऊ, दोन विरोधी पक्ष, आणि घरात भांडण जुंपतं ते थेट पोलंडवरून! त्यात घडतं कमी, बोलतात फार. पण निवडणुकीच्या तोंडावर ज्यांना फॅमिली ग्रुप सोडावासा वाटतो, त्यांनी तो बघाच.