आमची वाटचाल : सोलापुरातला एक हार्मोन दवाखाना

फक्त मधुमेह आणि हार्मोनचे आजार बघणारा दवाखाना सोलापुरात चालेल, असं २००९ साली आमच्या ओळखीत कुणालाच वाटत नव्हतं. कर्जाच्या फायलीवर ‘एंडोक्रायनॉलॉजी’ वाचून बँकेच्या साहेबांनी विचारलं, ‘म्हणजे नेमका कुठला अवयव?’ प्रश्न रास्तच होता. हाडाचा डॉक्टर कळतो, डोळ्यांचा कळतो. आमच्या विषयातल्या, हार्मोन बनवणाऱ्या ग्रंथी मेंदूच्या तळापासून ओटीपोटापर्यंत विखुरलेल्या. त्यात ऑपरेशन नाही, पेशंट भरती करून घेणं जवळपास नाही. मग खोलीभाडं निघणार कशातून?

मी इथलाच. वडील यंत्रमाग कारखान्यात जॉबर, म्हणजे माग दुरुस्त ठेवणारे कारागीर होते. एमबीबीएस वैशंपायन कॉलेजात झालं; इंटर्नशिप धरून त्याची साडेपाच वर्षं, वर एमडी मेडिसिनची तीन, त्यावर मुंबईत केईएम हॉस्पिटलला डीएमची, म्हणजे हार्मोनच्या आजारांतल्या खास पदवीची तीन. भाऊबंद घरं बांधून मोकळे झाले तेव्हा मी स्टायपेंडवर होतो. केईएमला पिट्युइटरीच्या, म्हणजे मेंदूच्या तळाशी असलेल्या ग्रंथीच्या गाठींचे पेशंट बघितले, हाताचे पंजे वाढून अंगठी निघेनाशी झालेले लोक बघितले, वाढ खुंटलेली मुलं बघितली. सोलापुरात परतलो तर दारात थायरॉइड, शुगर आणि पाळीच्या तक्रारी. दुर्मिळ आजार शिकून आलेल्या माणसाला हे आधी जरा फिकं वाटतं. मला ते वाटणं फार दिवस परवडलं नाही, कारण हप्ता चालू झाला होता.

दवाखान्याची दुसरी बाजू सौ. सांभाळते. ती पॅथॉलॉजिस्ट. हार्मोनच्या तपासणीचं गणित साध्या लॅबपेक्षा वेगळं असतं. किट महाग, एकदा फोडलं की मुदतीत संपवावं लागतं. म्हणून थायरॉइडची टीएसएच तपासणी रोज, काही तपासण्या ठरलेल्या वारी, आणि अगदी क्वचित लागणाऱ्यांचे नमुने मुंबईला कुरिअरने, अशी तिने घडी बसवली. कॉर्टिसॉल, म्हणजे शरीर स्वतः बनवतं ते स्टेरॉइड, रक्तात सकाळी सर्वांत जास्त असतं, त्यामुळे तो नमुना आठच्या सुमारास घ्यावा लागतो. अक्कलकोट, मंगळवेढ्याकडचा पेशंट पहिली एसटी पकडून येतो, म्हणून आमची लॅब शहर जागं व्हायच्या आत उघडते. याची जाहिरात कधी केली नाही. एसटी स्टँडवरच्या रिक्षावाल्यांनी केली.

पण दवाखाना खऱ्या अर्थाने उभा राहिला तो मशीनवर नाही, बाजूच्या छोट्या खोलीवर. त्याचं निमित्त एक मावशी. विड्या वळायचं काम, इन्सुलिन चालू, तरी साखर चारशेवर. दर वेळी डोस वाढत गेलेला. ‘रोज टोचून घेते की ओ डॉक्टर, एक दिवस चुकत नाही,’ म्हणाल्या. आमच्या नर्सने त्यांना पिशवीतलं सामान टेबलावर काढायला लावलं. बाटली होती ४० युनिटची, म्हणजे एका मिलिलिटरमध्ये ४० युनिट. सिरिंज मात्र केशरी टोपणाची, १०० युनिटवाली. तिच्यावर २०ची रेघ म्हणजे ०.२ मिलिलिटर, त्यात या बाटलीतलं इन्सुलिन भरलं तर पोटात जातं फक्त ८ युनिट. औषधाच्या दुकानात लाल टोपणाची संपली होती, त्यांनी ‘हीपण चालते’ म्हणून ही दिली होती. अदलाबदल उलटी झाली तर प्रकरण जिवावर बेततं. १०० युनिटचं इन्सुलिन लाल टोपणाच्या सिरिंजने २०च्या रेघेपर्यंत ओढलं की ५० युनिट जातात आणि माणूस पहाटे बेशुद्ध सापडतो. मावशींना मी नवं औषध एकही लिहिलं नाही. सिरिंज बदलली, फुगलेला डोस खाली आणला, आणि साखर वळणावर आली.

तेव्हापासून इन्सुलिन लिहिलेला प्रत्येक पेशंट त्या छोट्या खोलीत जातो. तिथे बसणाऱ्या आमच्या ताई शहराच्या पूर्व भागातल्या. तेलुगू आणि मराठी सारख्याच सफाईने बोलतात, कन्नड कामापुरतं. सुई कुठे टोचायची, जागा का बदलायची, घाम फुटून हात थरथरले तर आधी साखर खायची आणि मग आम्हाला फोन करायचा, हे सगळं त्या पेशंटकडून करवून घेतात. उन्हाळ्यात पारा चाळिशीपार जातो आणि प्रत्येक घरी फ्रिज नसतो. तिथे माठात माठ, मधे ओली वाळू, आत कोरड्या डब्यात बाटली, अशी सोय त्या स्वतः मांडून दाखवतात. या खोलीची वेगळी फी नाही. हिशेब बघणारे काका दर मार्चला ताईंच्या पगारावर पेन्सिलीने खूण करून विचारायचे, ‘ह्याच्यासमोर जमा काय दाखवू?’ मी म्हणायचो, परत आलेले पेशंट दाखवा. आमच्या धंद्यात एकदा येऊन गेलेला पेशंट म्हणजे अर्धवट काम. साखर तीन महिन्यांनी एचबीएवनसीत, म्हणजे तीन महिन्यांची सरासरी सांगणाऱ्या रक्ततपासणीत दिसते, पण तीन महिन्यांनी माणूसच दिसला नाही तर?

इथला मधुमेही पुस्तकातल्या चित्रासारखा जाडजूड नसतो. मागावर उभा राहणारा, पन्नास-बावन्न किलोचा माणूस समोर येतो आणि साखर तीनशे. ‘मी तर काडीसारखा, मला कशी होईल?’ पुण्याच्या केईएम हॉस्पिटलचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांनी यावर आयुष्य घातलं. २००४ साली ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात त्यांचा आणि त्यांचे ब्रिटिश सहकारी युडकिन यांचा शेजारी-शेजारी उभा असलेला फोटो छापून आला. दोघांचा बीएमआय, म्हणजे उंचीच्या मानाने वजनाचा आकडा, सारखाच, २२.३, शरीरातली चरबी मात्र युडकिन यांची ९.१ टक्के, याज्ञिकांची २१.२. तो फोटो मी छापून भिंतीवर लावला आहे. माझ्या पाच मिनिटांच्या बोलण्यापेक्षा तो जास्त काम करतो.

जेवणाचं सांगणं सोलापुरात नाजूक. ज्वारीची भाकरी म्हणजे औषध, कितीही खाल्ली तरी चालते, असा गाढ विश्वास. भाकरी चांगलीच, पण तीही पिष्टच, आणि ताटात चार कडक भाकऱ्या मोडल्या की साखर हिशेब मागते. शेंगा चटणी मी कुणाची बंद केलेली नाही; तेवढं पाप डोक्यावर नको. हुरड्याला जा म्हणतो, गुळाचा खडा सोडा म्हणतो. रमजानमध्ये रोजे धरणाऱ्यांचे डोस आधीच बसून बदलतो, कारण आपण नाही म्हटलं तरी माणूस रोजा धरतो आणि मग गोळ्या स्वतःच्या मनाने घेतो.

तसंच सिद्धेश्वराच्या गड्ड्याच्या यात्रेचं. संक्रांतीला पांढरी बाराबंदी घालून नंदीध्वजांच्या उंच काठ्यांबरोबर ६८ लिंगांच्या वाटेने निघणाऱ्यांत बरेच जण अनवाणी, आणि त्यांत आमचे पेशंट असतातच. त्यामुळे आदल्या आठवड्यात पाय तपासणी मोफत. १० ग्रॅम दाबाला वाकणारा नायलॉनचा धागा तळव्याला टेकवायचा. डोळे मिटलेल्या माणसाला तो कळला नाही, तर त्याला खिळाही कळणार नाही. अशांना आम्ही जाड मोजे घालायला आणि रात्री आरशात तळवे बघायला सांगतो. ऐकतात बहुतेक.

सगळ्यात राग येतो तो गुडघेदुखीच्या पुड्यांचा. चेहरा गोल, हातपाय बारीक, पोटावर जांभळे वळ, आणि अचानक उपटलेली शुगर. पुडीत स्टेरॉइड असतं. ती एकदम बंदही करता येत नाही, कारण शरीराची स्वतःची कॉर्टिसॉल बनवण्याची सवय मोडलेली असते, बीपी कोसळतं. महिनोन्‌महिने हळूहळू उतरवावं लागतं, आणि पुडी देणारा तोवर गाव बदलतो.

कोविडची दोन वर्षं सगळ्यांची गेली तशी आमची गेली. फोनवर तपासणी तेव्हा सुरू केली, ती गावाकडच्यांसाठी अजून चालू आहे.

खरा फरक पडला तो औषधांच्या किमतीने. मधुमेहाच्या गोळ्यांपैकी २०१९ च्या अखेरीस विल्डाग्लिप्टिनचं पेटंट संपलं, २०२० मध्ये डापाग्लिफ्लोझिनचं, २०२२ मध्ये सिटाग्लिप्टिनचं. बड्या कुटुंबांना लिहायच्या गोळ्या विडी कामगाराच्या आवाक्यात आल्या. आधी मी प्रिस्क्रिप्शन लिहिताना पेशंटची चप्पल बघायचो. ती सवय सुटली, याचा आनंद मला नव्या इमारतीपेक्षा जास्त आहे.

मार्च २०२५ पासून टिर्झेपटाइडची, म्हणजे साखर आणि वजन दोन्ही उतरवणाऱ्या इंजेक्शनची चौकशी चालू झाली. लग्नाआधी दहा किलो उतरवून द्या, म्हणून जुळे सोलापूर या शहरातल्या नव्या वस्तीकडून गाड्या येतात. औषध चांगलं आहे, आम्ही देतोही. पण आधी त्यांनाही छोट्या खोलीत ताईंपुढे बसावं लागतं. काहींना ते कमीपणाचं वाटतं आणि ते उठून जातात. हिशेबाच्या काकांनी यंदा त्या पगारावर खूण केलेली नाही, उलट ताईंच्या हाताखाली आणखी एक मुलगी घ्या म्हणाले. जागा मात्र तेवढीच आहे, त्यामुळे माझं सामान वरच्या मजल्यावर हलवायचं घाटत आहे.