ओंद्रिचेकच का?

कॅमेरा शिकणारी मुलं मला हमखास विचारतात, "एकाच छायालेखकाचं काम बघायचं, तर कुणाचं?" मी मिरोस्लाव्ह ओंद्रिचेकचं नाव घेतो. मग पुढचा प्रश्न येतो, तोच का? तुम्हीही विचारलंत, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

ओंद्रिचेक चेकोस्लोव्हाकियातल्या प्रागचा. जन्म १९३४चा, निधन २०१५चं, दोन्ही प्रागलाच. मिलोश फोरमन या दिग्दर्शकाशी त्याची जोडी साठच्या दशकात जमली. त्यांच्या 'द फायरमेन्स बॉल'मध्ये (१९६७) अग्निशमन दलाच्या नाचगाण्याच्या रात्रीची गोष्ट आहे आणि त्यातले बंबवाले त्या गावचे खरे बंबवाले आहेत. नटाने कुठे थांबायचं याची जमिनीवर खडूने खूण केलेली असते आणि उजेड त्या जागेपुरता लावता येतो. नट नसलेला माणूस त्या खुणेवर थांबत नाही. म्हणून मला तिथलं लाइटिंग फार मोलाचं वाटतं. सगळा हॉल साध्या, काहीशा रुक्ष उजेडात असतो आणि माणसं त्यात मोकळी वावरतात. शेवटी एका म्हाताऱ्याचं घर जळतं. त्याला थंडी वाजू नये म्हणून लोक त्याची खुर्ची आगीजवळ सरकवतात. तो प्रसंग एकदा आवाज बंद करून बघा.

पुढच्याच वर्षी आला इंग्लंडमधला 'इफ'. त्याचा दिग्दर्शक लिंडसे अँडरसन. त्याला शाळेच्या प्रार्थनामंदिरात शूटिंग करायचं होतं. मंदिर मोठं, खिडक्या उंच, दिव्यांसाठी पैसे बेताचे. एवढ्या दिव्यांत रंग एकसारखे राहतील याची खात्री देता येत नाही, असं ओंद्रिचेकने सरळ सांगितलं. मग तो भाग कृष्णधवल घेतला. अँडरसनला तो परिणाम इतका आवडला की इतर काही प्रसंगही त्याने तसेच घेतले. समीक्षक त्या रंगबदलाचे गूढ अर्थ लावत बसले. १९६९ला फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात चित्रपटाला सर्वोच्च पारितोषिक मिळालं. जमणार नाही ते वेळेवर सांगणारा छायालेखक दिग्दर्शकाच्या किती कामी येतो, हे मला या उदाहरणाइतकं कुठेच दिसलेलं नाही.

चेकोस्लोव्हाकियावरच्या १९६८च्या सोव्हिएत आक्रमणानंतर फोरमन अमेरिकेचा झाला. ओंद्रिचेक तिकडे 'हेअर', 'रॅगटाइम', 'सिल्कवुड' करत राहिला, पण घर प्रागलाच ठेवलं. 'रॅगटाइम'ला ऑस्करचं नामांकन मिळालं. संगीतकार मोझार्टवरच्या 'अमेडियस'साठी (१९८४) मात्र फोरमनच प्रागला आला. मोझार्टचा 'डॉन जोव्हानी' हा ऑपेरा, म्हणजे गाऊन सादर केलेलं नाटक, १७८७ साली जिथे पहिल्यांदा झाला, त्याच नाट्यगृहात त्यांनी ऑपेराचे प्रसंग चित्रित केले. जुनं, लाकडाने भरलेलं नाट्यगृह आणि झुंबरांत खऱ्या पेटत्या मेणबत्त्या! त्या पिवळ्या उजेडात चेहरे मऊ दिसतात, पण कपड्यांवरचं जरीकाम हरवत नाही. हे फार अवघड काम आहे. त्यासाठी त्याला ब्रिटिश अकादमीचा पुरस्कार मिळाला, ऑस्करचं नामांकनही मिळालं.

बघताना क्रम असा ठेवा: आधी 'फायरमेन्स बॉल', मग 'इफ', शेवटी 'अमेडियस'. आणि 'अमेडियस' शक्यतो मोठ्या पडद्यावर बघा. मोबाइलवर त्या मेणबत्त्यांच्या मागचा अंधार नुसता काळा दिसतो. त्या अंधारातही त्याने माणसं बसवली आहेत.