प्रांताकडचं अपील मागे घेताना

अमळनेर असो की शहादा, फेरफाराविरुद्ध, म्हणजे जमिनीच्या नोंदीतल्या बदलाविरुद्ध, प्रांताकडे (उपविभागीय अधिकाऱ्याकडे) केलेलं अपील बांधावर समझोता झाला म्हणून आपोआप संपत नाही. तारखेला गैरहजर राहू नका, लेखी पुरसीस, म्हणजे अपील मागे घेत असल्याचं निवेदन, द्या. तिच्यात प्रकरण क्रमांक, गट नंबर, मागे घेण्याचं कारण लिहा. सगळ्या अपीलदारांच्या सह्या हव्यात. एका भावाला बाकीच्यांच्या वतीनं परस्पर माघार घेता येत नाही, आणि गाडं बहुतेकदा इथंच अडतं.

माघारीनंतर मूळ आदेश कायम राहतो, स्थगितीही संपते. पुन्हा अपील करायचं असेल, तर तशी मुभा आधीच मागा. नंतर ६० दिवसांची मुदत आडवी येते. समझोत्यात वाटणी बदलली असेल, तर निव्वळ माघारीनं सातबारा बदलणार नाही. आदेशाची नक्कल मात्र घ्याच.